सहा नंबरचं झाड

आज सकाळी इथल्या मराठी मंडळाचा ई-मेल आला. 'चला, फॉल कलर्स बघायला!' खाली लाल-पिवळ्या झाडांचे अकरा फोटो, त्यातले निम्मे आडवे पडलेले. येताना प्रत्येकानं घरून एक पदार्थ करून आणावा, असं शेवटी. मी तो डिलीट केला. मग डिलीट केलेल्यांच्या फोल्डरमध्ये गेले आणि तिथूनही डिलीट केला. अजय, माझा नवरा, कॉफी ढवळत म्हणाला की नाही जायचं तर नको जाऊ या, त्यात एवढं काय. तो बिचारा दर ऑक्टोबरला असंच म्हणतो.

मला या ऋतूची शिसारी येते. अमेरिकेतल्या या श्रूजबरीत राहून पानगळीला नावं ठेवायची म्हणजे देवगडात राहून आंब्याला नावं ठेवण्यासारखं आहे, म्हणून चारचौघांत मी 'सो प्रिटी' म्हणून मोकळी होते. पण मनातून वीट आलेला असतो. सुरुवातीला मीही वेडी होते. २००१ साली लग्न करून पुण्याहून इथं आले, पहिल्याच ऑक्टोबरात फोटोचे चार रोल संपवले आणि आईला पाकिटातून पानं पाठवली. ती पोचेपर्यंत त्यांचा तपकिरी चुरा झाला होता. आता मला दुसरंच दिसतं. पानं नुसती रंगत नाहीत, ती मरतात, आणि मेल्यावर ओली होऊन गटाराच्या जाळीवर बसतात. त्यांना एक आंबूस वास येतो, ओटा पुसून तसंच टाकलेल्या फडक्यासारखा. तो झाकायला दुकानादुकानांतून दालचिनीच्या मेणबत्त्या लावतात. आमचा शेजारी पाठीला मशीन बांधून त्याच्या अंगणातली पानं आमच्या अंगणात उडवतो आणि वर हात हलवून हसतो. आपली घाण दुसऱ्याच्या दारात ढकलून हसायचं, हे मला नवीन नाही. मी त्यातलीच आहे.

दुपारी ग्रोसरीला निघाले. रेडिओची खुंटी फिरवता फिरवता काटा अगदी डावीकडे गेला, जिथं आकडेच संपतात. आधी खरखर, मग एक बाई पोर्तुगीजमध्ये प्रार्थना म्हणताना ऐकू आली. ८७.७. म्हणजे अजून चालू आहे मेलं. मी बंद केलं आणि पुढच्या सिग्नलपर्यंत खिडकी उघडी ठेवून गाडी चालवली.

खरं तर ते रेडिओ स्टेशन नव्हतंच. ते टीव्ही स्टेशन होतं. इकडे टीव्हीच्या सहा नंबरच्या चॅनलचा आवाज जिथं जातो, ती जागा रेडिओच्या पट्टीला अगदी चिकटून आहे. त्यामुळे सहा नंबरवर जे काही बोललं जाईल ते कुठल्याही गाडीच्या रेडिओवर, डावीकडच्या टोकाला, आपोआप ऐकू येतं. रे नावाच्या एका म्हाताऱ्यानं पलीकडच्या गावात कमी ताकदीच्या टीव्हीचं लायसन्स मिळवलं होतं. आजूबाजूची चार-पाच गावं सोडली तर ते कुठंच पोचायचं नाही. टीव्ही चालवायची त्याची ऐपतही नव्हती आणि हौसही. तो आवाजाचे तास भाड्यानं द्यायचा. पहाटे ब्राझीलच्या लोकांचं चर्च, मग ग्रीक गाणी, दुपारी फोनवर भविष्य सांगणारी बाई, आणि दर रविवारी सकाळी नऊ ते दहा आमच्या मंडळाचा 'मराठी तास'.

पण लायसन्स पडलं टीव्हीचं, तेव्हा पडद्यावर काहीतरी दिसायला हवं. रेनं त्यावर उपाय काढला होता. स्टुडिओच्या मागच्या खिडकीत त्यानं एक जुना कॅमेरा कायमचा मांडून ठेवला होता, पार्किंग लॉटकडे तोंड करून. चोवीस तास तेच चित्र. एक मेपलचं झाड, झाडाखाली कचऱ्याचा मोठा हिरवा डंपस्टर, बाजूला रेची गंजकी गाडी. जगभरच्या प्रार्थना, शिव्याशाप, प्रेमाची गाणी आणि दंतवैद्यांच्या जाहिराती त्या डंपस्टरच्या चित्रावर चालायच्या. कायद्याचं पोट भरलं की झालं. पहिल्यांदा मला हे कळलं तेव्हा मी पोट धरून हसले होते. मग सवय झाली. आम्ही त्या खिडकीवरून येत-जात राहिलो आणि तिथं कॅमेरा आहे हेच विसरलो. आमच्या लेखी तो रेडिओ होता, आणि रेडिओला डोळे नसतात.

त्या तासाशिवाय माझं इथं काही नव्हतं. अजय वर्क व्हिसावर, मी त्याची डिपेंडंट. नोकरी करायची परवानगी नाही, तेव्हा गाडीही येत नव्हती. पुण्यात मी एका जाहिरात कंपनीत रेकॉर्डिंगचं काम बघत होते, इथं येऊन पोळ्या लाटत होते. विद्याकाकूंनी 'मराठी तास' सुरू केला आणि एडिटिंगला मला घेतलं, तेव्हा मी घरी येऊन चक्क रडले होते. विद्याकाकू म्हणजे मंडळाच्या सर्वेसर्वा, पंचवीस वर्षं अमेरिकेत, स्वतःची व्हॅन, स्वतःचं मत, आणि दोन्ही कायम रस्त्याच्या मधोमध. दसऱ्याला त्या आपट्याऐवजी मेपलची पिवळी पानं सोनं म्हणून वाटायच्या. दर रविवारी मला घरून घ्यायच्या, परत सोडायच्या. त्यांची व्हॅन हे माझं स्वातंत्र्य होतं, म्हणजे किती होतं ते बघा.

२००६ सालच्या ऑगस्टमध्ये प्रज्ञाची आई आली. प्रज्ञा माझी इथली एकमेव अशी मैत्रीण, जिच्याशी मी साड्यांखेरीज काही बोलू शकायचे. नागपूरची, एका सॉफ्टवेअर कंपनीत टेस्टिंग करायची, तेव्हा सातवा महिना लागला होता. बौद्ध आहे हे तिनं पहिल्या भेटीतच सांगितलं होतं, नंतर कुणी आडून आडून आडनाव विचारत बसायला नको म्हणून. आईला बाळंतपणासाठी बोलावून घेतलं होतं. मी त्यांना पहिल्या दिवसापासून मावशी म्हणू लागले. इथं आपण सगळेच कुणाला तरी काका, कुणाला तरी मावशी म्हणत असतो. तोंडाला काय लागतं?

मावशी म्युनिसिपालिटीच्या शाळेतून रिटायर झालेल्या. ताठ बसायच्या, स्वच्छ बोलायच्या, आणि आपण बोलताना मधेच थांबलो तर वाक्य पुरं होईपर्यंत वाट बघायच्या. दिवसभर घरात एकट्या. प्रज्ञाकडे दोन शिंगांच्या अँटेनाचा जुना टीव्ही होता, त्यावर सहा नंबर स्वच्छ दिसायचा. मावशींना त्याचा नाद लागला. मला म्हणाल्या की तुमचं झाड मी रोज पाहून राहिली, परवा शेंड्याला एक फांदी लाल झाली, दोन वाजता एक माणूस येऊन सिगरेट ओढतो आणि थोटूक डब्यात न टाकता खाली टाकतो. मी हसले. काय पण सीरियल शोधलीत मावशी, म्हणाले. पुढच्या क्षणी विसरले.

त्या एका गोष्टीसाठी झुरत होत्या. त्या वर्षी दीक्षाभूमीवरच्या धम्मदीक्षेला पन्नास वर्षं होत होती. मावशी आठ वर्षांच्या असताना उमरेडच्या बाजूच्या खेड्यातून आई-वडील आणि थोरल्या भावाबरोबर चालत तिथं गेल्या होत्या. त्यानंतर दर दसऱ्याला दीक्षाभूमी, एकही वर्ष चुकलं नव्हतं. नेमकं पन्नासावं चुकत होतं. थोरला भाऊ आता अंथरुणाला खिळलेला. तो फोनवर चिडला होता, म्हणाला की मी जाऊ शकत नाही आणि तू जाऊन राहिली नाहीस, आपल्या घरचं कोणीच नाही. तेव्हा मावशींनी त्याला शब्द दिला, की मी इथल्या रेडिओवरून सांगीन. आपण कसे गेलो, कशाला गेलो, सगळं सांगीन, आणि त्याची कॅसेट आणीन, ती विहारात सगळ्यांसमोर लावा. रेडिओचं नाव सांगितलं ते माझ्या जिवावर. मीच म्हणाले होते, बोला ना मावशी, आमचा दसऱ्याचा कार्यक्रम आहेच.

रेकॉर्डिंग प्रज्ञाच्या स्वयंपाकघरात केलं. फ्रिज बंद केला, घड्याळ उशीखाली ठेवलं. मावशींनी पदर खांद्यावरून घेतला, जणू समोर वर्ग आहे, आणि 'जय भीम' म्हणून सुरुवात केली. सात मिनिटं एका दमात बोलल्या. गावातल्या विहिरीवर त्यांना वरून पाणी ओतायचे, ओंजळ धरायची, शिंतोडे उडाले की शिव्या. पांढरे कपडे घालून यायचं ठरलं होतं आणि घरात नवं काही घ्यायची सोय नव्हती, म्हणून आईनं एकुलतं एक लुगडं तीनदा उकळून त्याचा रंग काढला. निघताना वडील म्हणाले होते की परत येऊ तेव्हा ओंजळ धरायची नाही. हे सांगताना मावशींचा आवाज जराही हलला नाही. मी हेडफोन कानावर दाबून धरला.

विद्याकाकूंनी ते त्यांच्या बेसमेंटमध्ये ऐकलं. ऐकताना बडीशेप खात होत्या. म्हणाल्या की आवाज छान आहे हं बाईंचा, पण सात मिनिटं फार होतात, तीन कर. विहिरीचं काढ, आपल्याकडे सगळ्या प्रकारचे लोक ऐकतात, कुणाला लागायला नको. सुरुवातीचं ते काढ, आपण सगळे नमस्कारच म्हणतो. लुगड्याचं फार रडकं होतंय. मी म्हटलं, काकू, मग उरलं काय? त्या हसल्या.

"सणाचा प्रोग्रॅम आहे, मीनल. पॉलिटिक्स नको. लोकांना आनंद द्यायचाय."

कापणं ही माझी कला होती. श्वासाच्या जागा मला दिसायच्या. 'जय भीम' निघायला तर एक क्लिक पुरला. विहीर काढली तेव्हा ओंजळही काढावी लागली, नाहीतर ऐकणाऱ्याला कळलं नसतं. सांधा कुठं ऐकू येऊ नये म्हणून मी तासभर खपले, आणि त्या तासात मला कामाचा आनंद झाला, हे सांगताना आजही तोंड कडू होतं. शेवटी राहिलं ते असं: आम्ही पांढरे कपडे घालून नागपूरला गेलो, फार गर्दी होती, वडिलांनी मला खांद्यावर घेतलं, जिकडे बघावं तिकडे माणसंच माणसं. सात मिनिटांतून मी एक जत्रा शिल्लक ठेवली. रेकॉर्डर मंडळाचा, त्यात पुढच्या मुलाखतीला जागा हवी होती. मूळचं मी त्याच संध्याकाळी पुसून टाकलं.

प्रज्ञाला मी सांगितलं की वेळ कमी होता म्हणून जरा छोटं केलंय. ती म्हणाली, "इट्स ओके यार, आई बोलली हेच खूप आहे." मावशींना मी काहीच सांगितलं नाही. शनिवारी संध्याकाळी त्यांनी मला बोलावून एक डबा हातात दिला. दह्याचा प्लास्टिकचा डबा, आपण सगळे धुऊन ठेवतो तसला, म्हणजे परत करायची काळजी नको. वरून जुन्या निळ्या साडीच्या काठाची पट्टी गाठ मारून बांधलेली. आत सांभारवड्या. आमच्याकडे पुण्यात पुडाच्या वड्या म्हणतात, पण त्यांच्याकडे कोथिंबिरीला सांभार म्हणतात. स्टुडिओतल्या सगळ्यांसाठी केल्या, म्हणाल्या, त्या गोऱ्या म्हाताऱ्यालाही द्या. पंधरा-वीस तरी असतील. त्या वयाच्या बाईनं दुपारभर उभं राहून पाऱ्या लाटल्या होत्या.

दुसऱ्या दिवशी रविवार, दसऱ्याचा आदला दिवस. मी डबा मांडीवर घेऊन व्हॅनमध्ये बसले. काकूंनी काच खाली केली. स्टुडिओत पोचल्यावर मी डबा टेबलावर ठेवला आणि उघडणार, तर काकू म्हणाल्या की कुणी दिलंय. मी सांगितलं. त्या म्हणाल्या, माझा नवरात्राचा उपास आहे गं, मला नको. आल्या आल्याच रेनं आणलेल्या खोक्यातला डोनट खाऊन त्यांनी बोटं चाटली होती. साखर अजून हनुवटीवर होती. मी त्या साखरेकडे बघितलं. त्यांना कळलं मी बघितलं ते.

म्हणाल्या, इथं नको ठेवूस, वास सुटतो, मायक्रोफोनचं फोम वास धरतं. गाडीतही नको. मग जरा आवाज उतरवून, अगदी घरातल्या माणसाशी बोलावं तसं म्हणाल्या की बघ बाई, लोक प्रेमानं देतात, पण कुठं केलंय, कसं केलंय, आपल्याला काय माहीत. टाकून ये, तिला कुठं कळणार आहे.

मी नाही म्हणू शकले असते. मला भूक लागली होती, वड्यांचा वास खरंच सुरेख येत होता. मी रेला देऊ शकले असते, पर्समध्ये लपवू शकले असते. आजवर स्वतःला मी खूप समजावलं की मला व्हॅनमधून घरी जायचं होतं, काम टिकवायचं होतं. ते आहेच. पण नुसतं तेवढंच नव्हतं, हे मला ठाऊक आहे. लहानपणी घरी बाहेरच्या बाजूला एक वेगळा कप असायचा, दांडी तुटलेला. तो कुणासाठी ते कुणी सांगायचं नाही, आणि मी कधी विचारलं नाही. काकू 'आपल्याला काय माहीत' म्हणाल्या तेव्हा माझ्या आतल्या कशाला तरी चटकन समजलं आणि त्यानं मान डोलावली. किळस वाटते ती त्याची. काकूंचं काय, त्यांच्या हनुवटीवर निदान साखर तरी दिसत होती.

मावशींची तीन मिनिटं सुरू झाली की माझे हात मोकळे होणार होते. मी बटण दाबलं, 'आम्ही पांढरे कपडे घालून' सुरू झालं, आणि मी डबा घेऊन मागच्या दारानं बाहेर पडले. झाड अर्धं लाल, अर्धं हिरवं. खाली ओल्या पानांचा चिखल. डंपस्टरचं झाकण जड होतं, एका हातानं उचलेना, म्हणून डबा क्षणभर त्याच्या काठावर ठेवला, दोन्ही हातांनी झाकण वर केलं आणि कोपरानं डबा आत लोटला. धप्प आवाज आला. हात जीन्सला पुसले. आत येऊन हेडफोन लावला तेव्हा मावशी म्हणत होत्या की माणसंच माणसं.

घरी परतल्यावर अजयनं इडल्या लावल्या होत्या. मी दोन खाल्ल्या, तिसरी घेत होते तेव्हा फोन वाजला. प्रज्ञा. मला वाटलं, कौतुक करायला केलाय. ती म्हणाली, "मीनल, आई टीव्हीवर ऐकत होती."

मला पहिल्यांदा कळलंच नाही. बरं मग, म्हणाले. तेव्हा ती म्हणाली, "तिनं डबा पाहिला."

इतकंच. फोन ठेवला. मी हातातली इडली परत भांड्यात ठेवली. शनिवारी बांधलेली ती निळी पट्टी, कॅमेऱ्यापासून पंधरा पावलांवर, आणि त्यावर त्यांचाच आवाज. कॅसेट रेकॉर्डर टीव्हीसमोर लावून त्या खुर्चीत सरळ बसल्या असणार, त्या नेहमी बसायच्या तशा. रोज बघायच्या ते झाड, त्या झाडाखाली मी आले, म्हणून त्यांना आधी आनंदच झाला असेल. ती बघ मीनल, असं प्रज्ञाला म्हणाल्याही असतील.

कुणालाही वाटेल, एवढं झाल्यावर मी कार्यक्रम सोडला असेल. नाही सोडला. पुढच्या रविवारी काकूंनी हॉर्न वाजवला आणि मी गेले. त्याच्या पुढच्या रविवारीही. काकूंना मी सांगितलं तेव्हा त्या 'अय्या' म्हणाल्या, मग म्हणाल्या की चित्र एवढं काही स्पष्ट दिसत नसणार. रेला मी कॅमेरा जरा तिरका करायला सांगितला. त्यानं खांदे उडवले, डंपस्टर काढला तर फक्त भिंत दिसेल म्हणाला. एप्रिलमध्ये मंडळाचे पैसे संपले आणि 'मराठी तास' आपोआप बंद पडला, तोवर मी दर रविवारी त्या मागच्या दारापर्यंत जाऊन परत फिरत होते. मला बाहेर जायचं धाडस नव्हतं आणि आत बसायची लाज नव्हती. असं माणूस असतं. मी आहे.

आता दर वर्षी पानं लाल व्हायला लागली की कुणीतरी म्हणतं, निसर्गाची काय किमया आहे बघा. पोरं आमच्या घरासमोर पानांचे ढीग करून त्यात उड्या मारतात, आयांचे कॅमेरे क्लिक-क्लिक करतात. मला त्या ढिगाखालचं दिसत राहतं. गेल्या वर्षी मी गाडी शिकले, लायसन्स मिळालं, आता मला कुणाच्या व्हॅनची गरज नाही. त्या वर्षी ही एक गोष्ट असती तर, असं मी म्हणते, आणि मग माझं मलाच हसू येतं. डबा लोटायला कुठं लायसन्स लागलं होतं?

त्या फोनच्या दुसऱ्या दिवशी, दसऱ्याला, अजय ऑफिसला गेल्यावर मी चालत निघाले. प्रज्ञाचं घर दोन मैलांवर. रस्त्याला फुटपाथ नाही, कडेच्या पानांतून चालायचं, खाली खड्डा आहे की दगड ते कळत नाही. वाटेत मी वाक्यं जुळवत होते. कापते मी चांगलं, जुळवते मी चांगलं. माझा नाइलाज होता, असं एक वाक्य होतं. मला सांगितलं गेलं, असं दुसरं. दारापाशी पोचेपर्यंत दोन्ही सडली.

दार मावशींनीच उघडलं. प्रज्ञा कामावर गेली होती. त्या पांढरी साडी नेसल्या होत्या, टेबलावर फुलं होती आणि मेणबत्ती लावलेली होती. मला वाटलं होतं दार लावून घेतील. त्यांनी ये म्हटलं, खुर्ची ओढून दिली, पाण्याचा ग्लास पुढे ठेवला. मी तो उचलला आणि एका दमात सगळं पाणी प्यायले, दाखवायला म्हणून, की बघा, पिते. त्यांनी ते बघितलं. मला त्याचीही लाज वाटली.

"मावशी, माझं चुकलं," मी म्हणाले. मग सगळंच सांगून टाकलं, बेसमेंटमधलं कापणं, विहीर, लुगडं, 'जय भीम', मूळचं पुसून टाकलं तेही. डब्याबद्दल सांगायला तोंड उघडलं तेव्हा त्यांनी हात वर केला.

त्या उठल्या, टीव्हीजवळच्या रेकॉर्डरमधून कॅसेट काढली आणि माझ्यासमोर ठेवली. म्हणाल्या की ही तू घेऊन जा, यात माझं काही नाही, भावाला मी तोंडानं सांगीन. मी म्हटलं, परत रेकॉर्ड करू, पूर्ण सात मिनिटं, मी दुसरीकडे लावीन, काहीही करीन. त्यांनी माझं वाक्य पुरं होऊ दिलं. मग नको म्हणाल्या.

"आमच्या शाळेत माझ्या हातचा चहा न पिणाऱ्या दोघी होत्या. चौतीस वर्षं. कप पुढे केला की नको म्हणायच्या, तोंडावर. मला वाईट वाटायचं, पण त्यांचं काय ते मला माहीत राहायचं. त्या मला बाई म्हणायच्या, मी त्यांना बाई म्हणायची. तू माझ्या हातून घेतलंस आणि मावशी म्हणालीस."

मी पुन्हा म्हणाले, चुकलं मावशी. शाळेत पोरगी चुकीचं उत्तर देते आणि घाबरून पुन्हा तेच देते, तसं ते तोंडातून गेलं. त्या रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर मला बरं झालं असतं. त्यांनी ग्लास उचलला, ट्रेवर ठेवला आणि सरळ माझ्याकडे बघितलं.

"मावशी नको म्हणू आता. ते माझ्या बहिणीच्या पोरींचं आहे. बाई म्हण. सारी शाळा म्हणायची."

मी उभी राहिले. त्या वाट बघत होत्या.

"हो, बाई," मी म्हणाले.